मांजराचीं नखें आणि घरांतील सामान

मांजर हा प्राणी आपल्या घरांत राहतो, पण आपल्या आज्ञेंत राहत नाहीं, अशी त्याजविषयीं लहानथोर सर्वांची तक्रार असते. बैल मानेवर जूं घेतो, कुत्रा धन्याची चाहूल लागतांच शेपूट हालवीत धांवत येतो. मांजर मात्र हांक मारली असतां एक कान हालवून पुन्हां डोळे मिटतें. ही तक्रार आम्हीं फारशी मनावर घेतली नसती. परंतु ‘आमच्या घरचें मांजर’ हा निबंधाचा विषय वर्गांत दिला म्हणजे दरवेळीं दोन-चार वह्या अशा हातीं येतात, कीं ज्यांत मांजराचा शेवट गोणींत होतो. आरंभीं मांजराचा रंग, त्याच्या मिशा, दुधाची आवड, उंदरांची शिकार हें सर्व यथास्थित येतें, आणि मग एक वाक्य येतें: मांजरानें नव्या सोफ्याचें कापड फाडलें, म्हणून बाबांनीं त्यास गोणींत घालून दूर सोडून दिलें. लिहिणाऱ्या मुलास त्यापुढें कांहीं लिहितां येत नाहीं. वाक्य संपतें, आणि निबंधही तेथेंच संपतो.

प्रस्तुत लेख त्या वाक्याकरितां लिहिला आहे. खुर्च्या, सोफे, गाद्या व पडदे हीं नखांपासून वांचवितां येतात, मांजरही घरांत ठेवितां येतें, आणि ह्या दोहोंसाठीं हातांत काठी घ्यावी लागत नाहीं. मात्र त्यासाठीं मांजर सामान कां ओरबाडतें हें आधीं समजून घेतलें पाहिजे. कित्येक पालक म्हणतात, ‘खोड आहे, दुसरें काय!’ कित्येक म्हणतात, ‘मुद्दाम करतें, रागावलें कीं सूड घेतें.’ वस्तुस्थिति अशी आहे कीं ह्यांत खोडही नाहीं व सूडही नाहीं.

मांजराच्या पुढील प्रत्येक पायास ५ व मागील प्रत्येक पायास ४, अशीं एकंदर १८ नखें असतात. कुत्र्याचीं नखें सदैव बाहेर असतात व चालतांना जमिनीवर घासून बोथट होतात. मांजराचें तसें नाहीं. त्याचें नख बोटाच्या अगदीं शेवटच्या हाडास जडलेलें असतें, आणि तें हाड एका लवचिक बंधनानें मागें ओढून धरलेलें असतें. त्यामुळें मांजर स्वस्थ असतां नखें म्यानांतील तरवारीप्रमाणें आंत राहतात. तीं बाहेर काढावयाचीं तर स्नायूंचा जोर लावावा लागतो. ह्याचा पुरावा विद्यार्थ्यांस घरच्या घरीं पाहतां येईल. पावसाळ्यांत अंगणांतल्या चिखलांतून कुत्रा आणि मांजर हीं दोन्हीं चालून गेलीं असतील, तर कुत्र्याच्या पावलांपुढें नखांचे ठिपके उमटलेले दिसतात, मांजराच्या पावलांपुढें बहुधा दिसत नाहींत. पावलांवरून आठवण झाली म्हणून सांगतों: सिंध प्रांतांतील चन्हुदडो येथें १९३५-३६ सालीं अर्नेस्ट मॅके ह्यांनीं उत्खनन केलें, तेव्हां सिंधु संस्कृतीच्या काळची एक वीट सांपडली, तिजवर मांजर व कुत्रा ह्या दोघांच्याही पावलांचे ठसे आहेत. वीट ओली असतां मांजर पुढें व कुत्रा मागें असे तिच्यावरून धांवत गेले असावेत, असें त्यांनीं अनुमान केलें. म्हणजे हें भांडण चार हजार वर्षांहून जुनें आहे!

असो. म्यानांत राहणारें नख झिजत नाहीं. तें थरांनीं वाढतें. बाहेरचा थर जुना व बोथट होतो, आणि त्याच्या आंत नवें, तीक्ष्ण नख तयार असतें. तो जुना थर काढून टाकण्यासाठीं मांजर खरखरीत वस्तूवर पुढील पायांचीं नखें रोवून खालीं ओढतें. (मागील पायांचीं नखें तें दांतांनींच साफ करितें.) ज्या ठिकाणीं मांजर नेहमीं नखें घासतें त्याच्या पायथ्याशीं नीट शोधलें तर नखाच्याच आकाराचें एक पोकळ टरफल सांपडतें. तें पाहून मांजराचें नख उपटलें कीं काय अशी मुलांस भीति वाटते; ती अगदीं निराधार आहे. सापाची कात व मांजराच्या नखाचें टरफल ह्यांत तत्त्वतः फारसा भेद नाहीं.

दुसरें कारण सर्वांनीं पाहिलेलें आहे, पण तिकडे लक्ष दिलेलें नसतें. झोंपेंतून उठलेलें मांजर प्रथम पाठीची कमान करितें, मग पुढील पाय लांबवर टाकून, नखें कोठें तरी रोवून सर्व अंग ताणतें. आपण आळोखेपिळोखे देतों तसेंच हें होय. नखें रोवण्यास घट्ट आधार मिळाला तर पाठ व खांदे हीं नीट ताणलीं जातात. आधार हलला तर ताणतां येत नाहींत. ही गोष्ट वाचकांनीं ध्यानांत ठेवावी, कारण पुढें खांब करण्याच्या वेळीं तिचा उपयोग आहे.

तिसरें कारण सर्वांत मनोरंजक. मांजराच्या पंजावर, बोटांच्या गाद्यांच्या मध्यें, गंध सोडणाऱ्या ग्रंथि असतात. नखें घासतांना तो गंध त्या वस्तूस लागतो. आपल्या नाकास तो कळत नाहीं, पण दुसऱ्या मांजरास कळतो, आणि स्वतः त्या मांजरासही कळतो. गंधाच्या जोडीला ओरखडेही दिसतात. हें घर कोणाचें, येथें कोण राहतें, हें सांगणारी ही मांजराची दारावरची पाटीच म्हणावयाची. वाघ व बिबट्या हेही झाडांच्या बुंध्यांवर अशाच खुणा करितात. आपल्या जिल्ह्याच्या पूर्वेकडील डोंगरांतून जो सह्याद्रि व्याघ्र प्रकल्प २०१० सालीं घोषित झाला, त्या रानांतला वाघ जें करितो तेंच आपल्या ओटीवरचें मांजर करितें. फरक एवढाच कीं वाघास ऐनाचें झाड मिळतें आणि मांजराच्या वांट्यास सोफा येतो. पाटी कोणी अडगळींत लावीत नाहीं. म्हणूनच मांजर माळ्यावरची मोडकी पेटी सोडून बैठकीच्या खोलींतली, सर्वांच्या येण्याजाण्याच्या वाटेवरची, घरच्या माणसांच्या अंगाचा वास असलेली वस्तु निवडतें. नेमका नवा सोफाच कां, ह्या प्रश्नाचें उत्तर येथें आहे. त्याला सोफ्याची किंमत ठाऊक नसते.

आतां आपल्या कोंकणांतल्या घराकडे वळूं. पालीच्या आसपास जुनीं घरें अजून उभीं आहेत: जांभ्याच्या भिंती, कौलारू छप्पर, पुढें पडवी, आणि ओटीवर फणसाचे किंवा ऐनाचे खांब. अशा घरांत मांजरास नखें घासण्यास जागा शोधावी लागत नसे. ओटीचा खांब होता, गोठ्याची मेढ होती, परसांतले आंबे-फणस होते, सरपणाचा ढीग होता, कोपऱ्यांत गुंडाळून ठेवलेला काथ्याचा दोर होता. खांबावर ओरखडे उमटत. पण ते मोजीत कोण बसणार? पुढें घरें बदललीं. मुंबईहून पैसा आला, सिमेंटचीं घरें उठलीं, भिंतींस गुळगुळीत रंग लागला, जमिनीवर चकचकीत लाद्या आल्या, दारें-खिडक्या बंद राहूं लागल्या. मांजर आंत आलें. ह्या सर्व गुळगुळीत घरांत नख रुतेल अशी वस्तु एकच उरली, ती म्हणजे कापडानें मढविलेला सोफा, आणि तीच आपण त्याला वर्ज्य केली. मांजर बदललें नाहीं, घर बदललें. खांब आपण काढून घेतला, तेव्हां दुसरा खांब देणें हें आपल्याकडे लागतें.

बहुतेक घरांत ह्याऐवजीं शिक्षा केली जाते. कोणी चप्पल फेकून मारतो, कोणी पाठींत रट्टा घालतो, कोणी तोंडावर पाणी उडवितो, कोणी मांजराचें नाक फाटलेल्या कापडावर घासतो. ह्यांतून मांजर काय शिकतें, ह्याचा विचार करावा. नखें घासण्याची गरज तर नाहींशी होत नाहीं. सोफा आणि मार ह्यांचा संबंध त्याच्या ध्यानांत येण्यापूर्वीं माणूस आणि मार ह्यांचा संबंध येतो. म्हणून तें माणसास भिऊं लागतें, आणि माणूस खोलींत नसेल तेव्हां सोफ्याकडे जातें. पालक म्हणतात, ‘किती लबाड! आम्ही पाठ फिरविली कीं सुरू.’ ही लबाडी आपणच शिकविलेली असते. भ्यालेलें मांजर अधिकच खुणा करितें, हा आणखी एक तोटा.

न्यूयॉर्क येथील कोलंबिया विद्यापीठांत एडवर्ड थॉर्नडाइक ह्या तरुण संशोधकानें मांजरांवर केलेले प्रयोग १८९८ सालीं प्रसिद्ध झाले. शिक्षणशास्त्र शिकलेल्या प्रत्येकास ते ठाऊक आहेत. लांकडी पट्ट्यांच्या पेटींत भुकेलें मांजर ठेवावयाचें, व बाहेर खाद्य ठेवावयाचें. आंत एक दोरीचा फांस किंवा खटका असे. तो ओढला कीं दार उघडे. प्रथम मांजर पट्ट्या ओरबाडी, चावे, फटींतून पंजे बाहेर काढी. अशा धडपडींत केव्हां तरी योगायोगानें पंजा फांसावर पडे आणि सुटका होई. पुढच्या खेपांस वेळ हळूहळू कमी लागे. पुष्कळ खेपांनंतर मांजर पेटींत ठेवतांच सरळ फांसाकडे जाई. ह्यावरून थॉर्नडाइकनें असा नियम बसविला कीं जी कृति केल्यानें समाधान होतें ती दृढ होते, व जिनें त्रास होतो ती सुटत जाते. परंतु नियमाचा दुसरा भाग त्यानें स्वतःच पुढें १९३० च्या सुमारास, अधिक प्रयोगांवरून, दुरुस्त केला: बक्षिसानें कृति जितकी दृढ होते तितकी शिक्षेनें ती सुटत नाहीं. शाळांतून छडी घालविण्यास २००९ सालचा शिक्षणहक्काचा कायदा व्हावा लागला. मांजराच्या पाठीवरची चप्पल जाण्यासाठीं कोणी कायद्याची वाट पाहूं नये.

तर मग करावें काय? प्रथम तीन-चार दिवस केवळ निरीक्षण करावें. हें काम मुलांनीं अंगावर घ्यावें, व एका वहींत टिपून ठेवावें: मांजर नखें केव्हां घासतें, कोठें घासतें, उभ्या वस्तूवर कीं आडव्या, कापडावर कीं लांकडावर. पुष्कळदां असें आढळतें कीं झोंपून उठल्यावर व घरचें माणूस बाहेरून आल्यावर तें हें हटकून करितें. उभ्या वस्तूवर घासणारीं मांजरें अधिक; पण कित्येक चटईवर किंवा पायपुसण्यावरच घासतात. त्यांस खांब देऊन उपयोग नाहीं. त्यांच्यासाठीं एका फळीवर गोणपाट घट्ट ताणून ठोकावा व ती फळी जमिनीवर ठेवावी, म्हणजे झालें.

उभा खांब करावयाचा तर सामान प्रत्येक परसांत मिळण्यासारखें आहे. फणस, आंबा, जें लांकूड हाताशीं असेल त्याचा सुमारें ३ फूट लांबीचा, मनगटाहून जाड असा ओंडका घ्यावा. मोठें मांजर मागच्या पायांवर उभें राहून पुढचे पाय ताठ वर करील तेव्हां त्याचे पंजे खांबाच्या टोंकाखालींच राहिले पाहिजेत. खांब आंखूड झाला तर अंग ताणलें जात नाहीं. ओंडका रुंद व जड फळीवर पक्का बसवावा. त्याहून बरें म्हणजे त्यास भिंतीशीं किंवा खिडकीच्या गजाशीं आवळून बांधावें. मग आपण स्वतः त्यास हातानें ढकलून पाहावें. तो हलला, तर मांजर एकदां येईल, दुसऱ्यांदां येणार नाहीं. बाजारांतून आणलेले सुबक खांब पुष्कळ घरांत धूळ खात पडलेले असतात, त्याचें कारण बहुधा हेंच. ते माणसाच्या डोळ्यांसाठीं केलेले असतात.

खांबास वेटोळ्यास वेटोळें भिडवून दोरी गुंडाळावी. काथ्याचा सुंभ चालतो. घायपाताची दोरी मिळाली तर फारच उत्तम. (पाश्चात्त्य देशांत अशा खांबांस जी दोरी वापरतात ती घायपाताच्याच जातीच्या एका वनस्पतीची असते.) नायलॉनची दोरी नको, ती निसरडी असते व तिच्या बारीक तंतूंत नख अडकतें. दोरीचीं टोंकें चुकांनीं ठोकावीं, पण चुकेचें डोकें वर राहतां कामा नये. उग्र वासाचा डिंक किंवा रंग लावूं नये. कांहीं मांजरांस दोरीपेक्षां गोणपाट अधिक आवडतो, कांहींस सालीसकट असलेला नुसता ओंडका पुरतो. शक्य असेल तर दोन प्रकार समोर ठेवावे आणि निवड मांजराकडे सोंपवावी.

खांब कोठें ठेवावा ह्यावर निम्में यश अवलंबून आहे. तो मागच्या पडवींत किंवा जिन्याखालीं ठेवला तर श्रम वायां गेले असें समजावें. ज्या सोफ्याचा हात फाटला आहे त्याच्या अगदीं शेजारीं, त्या हाताच्या पुढेंच, तो उभा केला पाहिजे. दुसरा मिळाला तर मांजराच्या झोंपण्याच्या जागेजवळ. ह्यावर गृहिणींचा आक्षेप येतो, आणि तो रास्त आहे: बैठकीच्या खोलींत सुंभ गुंडाळलेला ओंडका दिसावयास बरा दिसत नाहीं. आमचें म्हणणें एवढेंच कीं ही कांहीं आठवड्यांची गोष्ट आहे. मांजर खांबावर रुळलें म्हणजे तो रोज दोन-चार बोटें सरकवीत सोयीच्या कोपऱ्यांत नेतां येतो. एकदम उचलून नेला तर मात्र मांजर खांबाच्या मागोमाग न जातां पूर्वींच्याच जागीं राहतें, आणि पूर्वींच्या जागीं सोफा असतो.

ज्या दिवशीं खांब आणावा त्याच दिवशीं सोफ्याचा फाटका भाग साबणाच्या पाण्यानें पुसून, वाळवून, त्यावर गुळगुळीत प्लास्टिकचा कागद किंवा मेणकापड घट्ट ताणून लावावें. नख रुतलें नाहीं म्हणजे मांजरास त्यांत स्वारस्य राहत नाहीं. दोन्ही बाजूंनीं चिकटणारी पट्टी लावली तरी चालते. पंजास चिकटणें मांजरांस मुळींच आवडत नाहीं. लिंबाची साल ठेवण्याची युक्ति कित्येक सांगतात. लिंबाचा वास पुष्कळ मांजरांस नकोसा असतो हें खरें, पण साल वाळली कीं वास गेला, म्हणून तेवढ्यावरच विसंबून राहूं नये.

आतां शिकविण्याचा भाग. मांजराचे पंजे धरून ते खांबावर घासूं नयेत. धरून करविलेली कोणतीही गोष्ट मांजर आवडीनें करीत नाहीं, उलट खांबाचीच भीति धरतें. त्यापेक्षां एक सुतळी घेऊन तिचें टोंक खांबावर वरखालीं नाचवावें. मांजर झडप घालील, नखें दोरीत रुततील, आणि ती जागा किती सोयीची आहे हें त्याचें त्यालाच कळेल. ज्या क्षणीं तें आपण होऊन खांबावर नखें घाशील त्या क्षणीं, दोन सेकंदांच्या आंत, त्यास बक्षीस मिळालें पाहिजे. मीठ-मसाला न घातलेल्या उकडलेल्या मासळीचा हरभऱ्याएवढा तुकडा पुरे. तो तयार ठेवावा. आंत जाऊन, डबा उघडून, तुकडा घेऊन येईपर्यंत मांजर दुसऱ्या उद्योगास लागलेलें असतें, आणि मग बक्षीस त्या दुसऱ्या उद्योगाचें होतें. शाकाहारी घरांत हनुवटीखालीं खाजविणें व गोड शब्द ह्यांनींही काम भागतें. मांजर सोफ्याकडे वळलेलें दिसलें तर ओरडूं नये. सुतळी हालवून त्यास खांबाकडे बोलवावें. घरांत पांच माणसें असतील तर पांचही जणांनीं एकच रीत पाळली पाहिजे. चौघे सुतळी हालवितात व पांचवा चप्पल मारतो, अशा घरांत चौघांचे श्रम फुकट जातात.

येथें आपल्या अंगणांतल्या एका तणाचा उल्लेख केला पाहिजे. खोकली, जिला कोणी खाजोटी म्हणतात, ती पावसाळ्यांत सर्वत्र उगवते. ती मुळासकट उपटली असतां तिच्या मुळाच्या वासानें पुष्कळ मांजरें वेडावतात, त्यावर लोळतात व अंग घासतात. ओलें मूळ खांबाच्या दोरीवर घासून ठेवावें, म्हणजे मांजराचें लक्ष तिकडे जातें. मूळ मांजराच्या पुढ्यांत खाण्यासाठीं टाकूं नये, आणि मुलांनीं त्यानंतर हात धुवावे. सर्वच मांजरांवर ह्याचा परिणाम होत नाहीं. न झाल्यास चिंता करूं नये.

हें सर्व घडण्यास किती दिवस लागतात, असें विचारलें जातें. गतवर्षीं इयत्ता सातवींतील एक मुलगी मधल्या सुटींत येऊन उभी राहिली व म्हणाली, “गुरुजी, आई म्हणते, येत्या रविवारीं मनीला सोडून द्यायची.” सोफा हप्त्यांनीं घेतलेला होता आणि हप्ते अजून फिटावयाचे होते, तेव्हां त्या माउलीच्या रागास कारण नव्हतें असें कोण म्हणेल? आम्हीं मुलीस एवढेंच सांगितलें, “आईला विचार, हा रविवार एक महिना पुढें ढकलतां येईल काय?” आईनें महिना दिला. वडिलांनीं खांब केला, तो पहिल्याच दिवशीं डगमगला, म्हणून त्यांनीं तो खिडकीच्या गजांस तारेनें आवळला. पहिला आठवडाभर मनीनें त्यास हुंगण्यापलीकडे कांहीं केलें नाहीं, आणि आजीनें सर्वांची यथेच्छ थट्टा केली. दुसऱ्या आठवड्यांत सुतळीच्या मागें लागून तिनें खांबावर नखें लावलीं. तिसऱ्या आठवड्यांत पाहुणे येणार म्हणून सोफ्यावरचें मेणकापड काढलें, तर त्याच संध्याकाळीं तिनें सोफ्याचा हात पुन्हां धरला. मेणकापड पुन्हां चढलें. महिना भरला तेव्हां मनी सकाळीं उठून खांबाकडे जात होती, मेणकापड आणखी महिनाभर राहूं द्यावें असें आईनेंच ठरविलें, आणि रविवारचा विषय पुन्हां निघाला नाहीं. थट्टा करणाऱ्या आजी आतां मासळी निवडतांना एक तुकडा बाजूस काढून ठेवितात, असें ती मुलगी सांगते.

पिल्लूं आणावयाचें असेल तर हें सर्व याहून सोपें आहे. जन्मानंतर दुसऱ्या ते सातव्या आठवड्यांत पिल्लांस माणसाच्या हाताची जी सवय लागते ती जन्मभर टिकते. त्या वयांत दररोज त्याचे पंजे हळूच हातांत घ्यावे, बोट हलकेंच दाबून नख बाहेर येतें तें पाहावें व सोडून द्यावें. पुढें नखांचीं टोंकें कापतांना तें झगडत नाहीं. टोंकें दोन-तीन आठवड्यांनीं नखें कापण्याच्या साध्या कातरीनें कापतां येतात. मात्र नखाच्या आंत जो गुलाबी भाग दिसतो तो जिवंत असतो, त्यास धक्का लागतां कामा नये. हें काम वडील माणसांनीं करावें, व प्रथम पशुवैद्याकडून समक्ष पाहून घ्यावें. अमेरिकेंत मांजराचीं नखें शस्त्रक्रियेनें कायमचीं काढून टाकण्याची चाल पडली होती. नांव नखें काढण्याचें, पण त्यांत प्रत्येक बोटाचें शेवटचें हाडच छाटलें जातें. आपल्या बोटांचीं पहिलीं पेरें तोडल्यासारखें तें आहे. इस्रायलनें २०११ सालीं व न्यूयॉर्क राज्यानें २०१९ सालीं ह्यास कायद्यानें बंदी केली. आपल्याकडे ही चाल रुजलेली नाहीं, ती न रुजलेलीच बरी.

आपल्याकडची चाल गोणीची आहे. ‘मारीत नाहीं, नुसतें सोडून देतों,’ असें सांगतांना माणसाचें मन हलकें होतें. पण घरांत वाढलेलें मांजर परक्या जागीं सोडलें म्हणजे त्याचें काय होतें? तेथील मांजरें त्यास उभें राहूं देत नाहींत, तें घराची वाट शोधीत निघतें, आणि हातखंबा व लांजा ह्यांच्या दरम्यान ज्या महामार्गावर आपलें पाली वसलें आहे त्या रस्त्यावरून सकाळीं शाळेस येणाऱ्या मुलांस पुढचें सांगावयास नको. जनावर भुकेनें किंवा तहानेनें तळमळेल अशा स्थितींत त्यास सबळ कारणावांचून टाकून देणें हा १९६० च्या प्राणिक्रूरता प्रतिबंधक कायद्यान्वयें अपराध आहे, हें फार थोड्यांस ठाऊक असतें. त्याच कायद्यान्वयें १९६२ सालीं भारतीय जीवजंतु कल्याण मंडळ स्थापन झालें, व नामांकित नर्तकी रुक्मिणीदेवी अरुंडेल ह्या त्याच्या पहिल्या अध्यक्षा झाल्या. मांजर खरोखरच ठेवणें अशक्य असेल तर त्यास ज्यांची गरज आहे असें घर शोधून द्यावें. भाताच्या कणग्या असलेल्या घरांत उंदीर मारणाऱ्या मांजरास कोणी नको म्हणत नाहीं.

पालकांसाठीं आणखी एक सूचना. शिकवितांना मुलांस मांजराचें नख लागलें किंवा दांत लागला तर तें क्षुल्लक समजूं नये. जखम वाहत्या पाण्याखालीं साबणानें १५ मिनिटें धुवावी व त्याच दिवशीं डॉक्टरांकडे जावें. तिच्यावर हळद किंवा चुना भरूं नये. रेबीज हा रोग मांजरापासूनही होऊं शकतो, आणि एकदां त्याचीं लक्षणें दिसूं लागलीं म्हणजे बहुधा उपाय चालत नाहीं. घरच्या मांजरास त्याची लस दरवर्षीं पशुवैद्यकीय दवाखान्यांत टोंचून आणावी.

खांब वापरांत आला म्हणजे सहा-आठ महिन्यांत त्याची दोरी झिजते, धागे लोंबूं लागतात, व घर झाडतांना तो टाकून देऊन नवा आणावा असें मनांत येतें. तसें करूं नये. मांजराच्या दृष्टीनें तो आतांच कोठें चांगला झालेला असतो. त्याचा गंध त्यांत मुरलेला असतो व त्याच्या खुणा त्यावर असतात. लोंबणारे धागे कापून टाकावे, दोरी अगदींच तुटली असेल तर खालच्या अर्ध्या भागावर नवी गुंडाळावी, व वरची जुनी तशीच राहूं द्यावी. नव्या दोरीवर नखें लागलेलीं दिसूं लागलीं कीं मग वरची बदलावी.